ब्रिटन लोक म्हणजे इंग्रज नव्हेत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

नागपूरजवळच्या जुनापाणीच्या शिळावर्तुळांवरचा आपल्या रविवार पुरवणीतला लेख वाचला. काटोल रस्त्यावरून रोज जाणाऱ्यांनाही ही वर्तुळे ठाऊक नसतात, म्हणून तो छापल्याबद्दल आभार. पण त्यातली दोन विधाने तशीच राहू नयेत, कारण स्पर्धा परीक्षांची तयारी करणारी गावोगावची मुले पुरवण्यांची कात्रणे जपून ठेवतात. लेखात म्हटले आहे की स्टोनहेंज, म्हणजे इंग्लंडमधले प्रचंड दगडांचे प्राचीन वर्तुळ, इंग्रजांच्या पूर्वजांनी, म्हणजे ब्रिटन लोकांनी बांधले, आणि त्याच लोकांची एखादी शाखा विदर्भात आली असावी. दोन्ही विधाने चूक आहेत.

स्टोनहेंजचा खंदक इ.स.पू. ३००० च्या सुमाराचा आणि मोठे 'सार्सेन' (कठीण वालुकाश्माचे) दगड इ.स.पू. २५०० च्या आसपासचे. ते उभे करणारे शेतकरी मूळचे आजच्या तुर्कस्तानाकडचे. त्यांचे पूर्वज भूमध्य समुद्राच्या काठाकाठाने पिढ्यान्‌पिढ्या सरकत इ.स.पू. ४००० च्या सुमारास ब्रिटनला पोचले. त्यांच्या आधी तिथे शिकारी होते. १९०३ मध्ये सॉमरसेटमधल्या गुहेत सापडलेला सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीचा 'चेडर मॅन' त्यांच्यातला. २०१८ च्या जनुकीय तपासणीनुसार त्याची कातडी बहुधा काळसर आणि डोळे निळसर होते. त्या काळी ब्रिटन बेटसुद्धा नव्हते, युरोपला जोडलेला भूभाग होता. इ.स.पू. ६००० पर्यंत मधली जमीन समुद्राखाली गेली.

सार्सेन दगड उभे राहिले आणि थोड्याच पिढ्यांत, इ.स.पू. २४५० च्या सुमारास, घंटेच्या आकाराची मडकी वापरणारे 'बीकर' लोक समुद्र ओलांडून आले. काही शतकांत बेटावरच्या लोकसंख्येचा जनुकीय वारसा सुमारे ९० टक्के बदलला. स्टोनहेंज बांधणाऱ्यांचे रक्त आजच्या इंग्रजांत फारच थोडे उरले आहे, ते यामुळे.

हे कळते कसे, तेही मुलांना सांगायला हवे. नाही तर आकडा नुसताच पाठ होतो. कानाच्या आतल्या भागाभोवतीचे हाड शरीरातले सर्वात टणक. त्याची पन्नासेक मिलिग्रॅम पूड काढली तरी डीएनए वाचता येतो. दाताचे एनॅमल लहानपणी बनते आणि पुढे बदलत नाही, म्हणून त्यातल्या ऑक्सिजन व स्ट्रॉन्शियमच्या प्रमाणावरून माणूस कुठले पाणी पिऊन वाढला याचा अंदाज बांधता येतो. स्टोनहेंजजवळ २००२ मध्ये सापडलेला 'एम्सबरीचा तिरंदाज' आल्प्सच्या बाजूला वाढला होता, हे असेच समजले. पण या पद्धतीला मर्यादा आहेत. जाळलेल्या हाडात डीएनए टिकत नाही, आणि ब्रिटनमध्ये कित्येक शतके मृतांना जाळत असत. आम्लधर्मी जमिनीत हाड विरघळते. उत्खनन करणाऱ्याने उघड्या हाताने हाड उचलले तर त्याचाच डीएनए त्यात मिसळतो. आपल्याकडच्या उन्हात तर डीएनए आणखी लवकर मोडतो. विदर्भातल्या वर्तुळांबद्दल असे आकडे कुणी ठणकावून सांगितले, तर आधी नमुना कुठला ते विचारावे.

मग 'ब्रिटन' कोण? इ.स.पू. १३०० ते ८०० दरम्यान फ्रान्सच्या बाजूने आणखी एक मोठे स्थलांतर झाले आणि दक्षिण ब्रिटनचा जवळपास निम्मा जनुकीय वारसा पुन्हा बदलला. केल्टिक भाषा बहुधा याच लोकांबरोबर आली. इ.स.पू. चौथ्या शतकाच्या अखेरीस मार्सेयचा ग्रीक दर्यावर्दी पिथियस तिथे जाऊन आला, आणि 'प्रेटानी' या नावाची पहिली नोंद त्याच्याकडून आली असे मानतात. त्याचेच लॅटिनमध्ये 'ब्रिटानिया' झाले. इ.स. ४३ मध्ये रोमनांनी जिंकायला घेतले ते या केल्टिकभाषी ब्रिटन लोकांना.

त्यांची भाषा वेल्शमध्ये जिवंत आहे, आणि मराठी माणसाला ती वाटते तितकी परकी नाही. वेल्शमध्ये तीनला 'त्री', नऊला 'नाउ' आणि दहाला 'देग' म्हणतात. जुन्या वेल्श मोजणीत चाळीस म्हणजे 'दोन वीस', साठ म्हणजे 'तीन वीस'. आपल्याकडे जुनी माणसे कोडीने मोजत, तशीच ही रीत. आकड्यांतले साम्य मात्र दोन्ही भाषा इंडो-युरोपीय कुळातल्या असल्याचे आहे. त्यावरून वेल्श माणूस विदर्भात आला होता असे ठरत नाही.

इंग्रजांचे पूर्वज याच्याही नंतरचे. रोमन सत्ता इ.स. ४१० च्या सुमारास गेली आणि आजच्या जर्मनी-डेन्मार्कच्या किनाऱ्यावरून अँगल, सॅक्सन, ज्यूट आले. ब्रिटन लोकांचे जुने नाते 'कम्री' या नावात, म्हणजे 'एका मुलखातले', टिकून आहे. वेल्श लोक आजही स्वतःला तेच म्हणतात. 'वेल्श' हा शब्द मात्र आलेल्यांचा, आणि त्याचा अर्थ 'परका'. आधीपासून राहणाऱ्यांना नंतर आलेल्यांनी परके ठरवले, आणि जगाने तेच नाव उचलले. ही गोष्ट आम्हाला फार लागते. म्हणून तरी ब्रिटन आणि इंग्रज एका ओळीत गुंडाळू नयेत. ब्रिटन लोक पुसले गेले असेही नाही. २०२२ च्या अभ्यासात पूर्व व दक्षिण इंग्लंडमधल्या त्या काळच्या सांगाड्यांत उत्तर युरोपीय वारसा सरासरी ७६ टक्के निघाला, बाकीच्यात जुन्या बेटवासीयांचा वाटा आहे. पश्चिमेकडे तो बराच जास्त. नद्यांची नावेही टिकली. 'एव्हन' म्हणजे ब्रिटन लोकांच्या भाषेत नुसते 'नदी'.

आता जुनापाणी. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रिव्हेट-कार्नॅक या ब्रिटिश अधिकाऱ्याने तिथे खोदले. दगडांवरचे वाटीसारखे कोरलेले खळगे त्याला ब्रिटनमधल्या खळग्यांसारखे वाटले. लेखातल्या कल्पनेचे मूळ बहुधा इथेच आहे. पण आपली वर्तुळे म्हणजे लोहयुगीन दफने, इ.स.पू. पहिल्या सहस्रकातली, म्हणजे स्टोनहेंजहून दीड हजार वर्षे तरी अलीकडची. आपल्याकडे न घडवलेले धोंडे गोल मांडून आत माती-गोट्यांची भर घातलेली असते. खाली काळी-तांबडी मडकी आणि लोखंडी अवजारे मिळतात. नागपूर जिल्ह्यातल्याच नायकुंडला तर लोखंड वितळवण्याची भट्टीच सापडली. स्टोनहेंजच्या बांधणीत लोखंडाचा मागमूस नाही. तिथे दगड घडवून उभे केले आहेत, आणि सुतार चौकटीला कुसू काढून भोकात बसवतो तसे आडवे दगड वर बसवले आहेत. दगडात खळगा कोरणे कुठल्याही मुलखातल्या माणसाला सुचू शकते.

पुरवणीच्या पुढच्या अंकात खुलासा छापावा ही विनंती. त्यात काळानुसार शब्द वेगळे ठेवावेत: स्टोनहेंजसाठी 'नवाश्मयुगीन शेतकरी', रोमनांच्या आधीच्या आणि त्यांच्या काळातल्या केल्टिकभाषी रहिवाशांसाठी 'ब्रिटन लोक', पाचव्या शतकानंतर आलेल्यांसाठी 'अँग्लो-सॅक्सन', आणि १७०७ च्या इंग्लंड-स्कॉटलंड एकीकरणानंतरच्या सत्तेसाठी 'ब्रिटिश'. जुनापाणीच्या वर्तुळांना 'विदर्भातील लोहयुगीन दफने' एवढेच म्हणावे.

— इतिहासाचे काही शिक्षक,
ता. हिंगणा, जि. नागपूर