आनंद पटवर्धन यांना, एका शूटिंगवाल्याकडून

प्रिय आनंदजी,
सप्रेम जय भीम.

आपली ओळख नाही. मी बीडचा. पोट लग्नाच्या शूटिंगवर चालतं. तारखा नसल्या की कॅमेरा घेऊन ऊसतोड कामगारांच्या कोप्यांवर, म्हणजे त्यांच्या झोपड्यांवर, जातो. त्यावरची माझी फिल्म आता एडिटला बसली आहे, आणि ती तिथवर आली ती तुमच्या माहितीपटांमुळे.

लग्नाच्या व्हिडिओतून काय उडतं? मानपान, रुसवे, मांडवातली भांडणं. हात त्यालाच सरावलेला. मग तुमची 'हमारा शहर' (1985) पाहिली. झोपडपट्टीतली एक बाई थेट तुम्हालाच सुनावते: गरिबांचे फोटो काढून नाव तुमचं होणार, आमचं काय? तुम्ही ते ठेवलंत! माझ्याकडे एका मुकादमाच्या कोपीवर तसंच झालं. "उचल फिटणाराय का तुमच्या शूटिंगनं?" असं एक मावशी म्हणाली. उचल म्हणजे मुकादमाकडून आधी घेतलेले पैसे. तो शॉट आता फिल्मच्या सुरुवातीलाच आहे.

त्याच 'हमारा शहर'मध्ये शाहीर विलास घोगरे गातात. 11 जुलै 1997 ला घाटकोपरच्या रमाबाई नगर या दलित वस्तीत पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली, त्यानंतर काही दिवसांत घोगऱ्यांनी गळफास घेतला. त्यांच्या जाण्यातून सुरू झालेलं काम तुम्ही 'जय भीम कॉम्रेड' या फिल्मपर्यंत, म्हणजे 2011 पर्यंत नेलंत. चौदा वर्षं! आमच्याकडे अल्बमला पंधरा दिवस लागले तरी नवरदेवाचा मामा फोनवर फोन करतो. पण मला त्यातली गाणी जास्त लागली. चाल पकडून दोन ओळी वापरायच्या आणि पुढं जायचं, असं तुम्ही करत नाही. शाहीर काय म्हणतोय ते कळेपर्यंत थांबता. आमच्या कोप्यांवरही बाया गातात. ते मी आधी पार्श्वसंगीत समजत होतो.

तुमचं प्रश्न विचारणंही शिकलो. 'राम के नाम'मध्ये राम कधी जन्मले एवढंच तुम्ही कॅमेऱ्यामागून साध्या आवाजात विचारता, आणि समोरचा बोलता बोलता स्वतःच उघडा पडतो. त्याच फिल्ममध्ये अयोध्येच्या रामजन्मभूमी मंदिराचे पुजारी लालदास आहेत. पुढं 1993 मध्ये त्यांचा खून झाला. त्यांचं म्हणणं आज ऐकता येतं ते तुम्ही वेळेत तिथं होतात म्हणून.

कोर्टकचेऱ्यांबद्दल थोडक्यातच लिहितो, ते सगळ्यांना ठाऊक आहे. 'जंग और अमन'ला सेन्सॉरने 21 कट सांगितले, तुम्ही एकही न मानता 2003 मध्ये मुंबई उच्च न्यायालयातून फिल्म सोडवून आणलीत. ही भांडणं तुम्ही तुमच्या फिल्मसाठी भांडलात, पण आमच्यासारख्या बिननावाच्या लोकांना त्याचा केवढा आधार होतो!

फिल्म पहिल्यांदा कोप्यांवरच दाखवणार आहे. पडदा गणेश मंडळ देतंय, प्रोजेक्टर माझा लग्नातलाच. मनापासून आभार. यायला जमलं तर या, नाही तर पेनड्राइव्ह पाठवतो.

आपला,
बीडचा एक शूटिंगवाला