जकार्ताला राहायला निघालेल्या मुलीस

चि. सईस,
अनेक आशीर्वाद.

जकार्तातली पंचविशीची मुलं पगारात महिना कसा काढतात, असं विचारलंस. खोलीभाडं सगळ्यांच्या डोक्यात असतं. हिशेब चुकतो तो घोळक्यात बसण्याच्या खर्चाचा. पण आधी खोली.

महिन्याच्या भाड्याच्या खोलीला तिथे ‘कोस’ म्हणतात. दारावर ‘पुत्री’ लिहिलं असेल तर फक्त मुलींसाठी, ‘चांपुर’ असेल तर मिश्र. भाड्यात वीज धरली आहे का, ते आधी विचार. बऱ्याच ठिकाणी वेगळं ‘टोकन’ घ्यावं लागतं: मोबाइलवर पैसे भरले की २० आकडी क्रमांक येतो, तो मीटरवर दाबायचा. शिल्लक संपत आली की मीटर टिकटिक करतो, आणि नेमका रात्रीच करतो. जोडणी ९०० व्हीएची (व्हीए म्हणजे एका वेळी किती वीज ओढता येते त्याची मर्यादा, ढोबळपणे वॅटच धर) असेल तर अर्ध्या ‘पीके’चा (म्हणजे अर्ध्या अश्वशक्तीचा) एसी सुमारे ४०० वॅट, राइस कुकर ३५०, इस्त्री ३००. तिन्ही एकदम लावलंस की खटका पडलाच. १३०० व्हीए असेल तर निभतं. रात्री दार किती वाजता बंद होतं आणि पाहुणे चालतात का, हे पैसे देण्याआधी विचार, नंतर नाही.

आता घोळका. ‘नोंगक्रोंग’ म्हणजे आपलं कट्ट्यावर बसणं, फक्त तिथला कट्टा बहुधा कॉफीच्या दुकानात असतो. सातला ठरलं तर पावणेआठला जमतात. त्याला त्यांचाच शब्द आहे, ‘जाम कारेत’, रबरी वेळ. मागवतात ती ‘कोपी सुसु गुला आरेन’: दूध, एस्प्रेसो आणि आरेन ताडाच्या रसाचा गूळ. गोव्याच्या माडाच्या गुळाची बहीण म्हण. खोलीवर करायची तर २०० ग्रॅम गूळ, १०० मिली पाणी, पांदान या सुवासिक झाडाचं एक पान गाठ मारून. मंद आचेवर पाच-सात मिनिटं, मग गाळून पूर्ण गार कर. कोमट पाक बर्फावर ओतलास तर बर्फ वितळतो आणि कॉफी पाणचट लागते. फार आटवलास तर तळाशी गोळा बसतो. पेल्यात २५ मिली पाक, बर्फ, १२० मिली दूध, वरून एस्प्रेसो. दुकानात ‘कुरांग मानिस’ म्हण, नाहीतर गोड मिट्ट देतात.

पैसे ‘क्रिस’ने जातात. हा बँक इंडोनेशियाचा २०१९ साली आलेला एकच क्यूआर, सगळ्या बँका नि वॉलेटना चालणारा. पार्किंगवाल्यासाठी मात्र सुटे ठेव. बिल सगळ्यांत वाटून घेतलं तर ‘पातुंगान’, एकाने भरलं तर ‘त्राक्तिर’. वाढदिवस तुझा असेल तर त्राक्तिर तुझ्याच माथी.

रमजानात ‘बुकबेर’ सुरू होतात, म्हणजे एकत्र उपवास सोडणं. त्यांचा ‘पुआसा’ हा शब्द आपल्या ‘उपवास’चाच. ऑफिसचा बुकबेर वेगळा, वर्गमित्रांचा वेगळा, कोसमधला वेगळा. टेबलासाठी आगाऊ रक्कम एकजण भरतो आणि ऐन वेळी तिघे गळतात. भरणारी तू असशील तर आधी सगळ्यांचे पैसे जमव, मग टेबल धर. मगरिब, म्हणजे सूर्यास्ताची नमाज, सहाच्या सुमारास होते आणि रस्ते तेव्हाच तुंबतात. साडेपाचला जागेवर पोहोच.

आणि ‘आरिसान’. ही आपली भिशीच. दहाजणी दरमहा ५ लाख रुपिया भरतात, चिठ्ठी निघेल तिला ५० लाख. ओळखीच्यांत असेल तर खुशाल धर, घोळक्यात शिरायचा हाच सोपा रस्ता. मोबाइलवर ‘मेनुरुन’ (उतरता) नावाचा प्रकार फिरतो, तो वेगळा; रक्कम कुणी कधी उचलायची तो क्रम त्यात आधीच ठरलेला असतो. त्यात पहिल्या नंबरची दरमहा ६ लाख भरते, शेवटची ४ लाख, मिळतात दोघींना ५० लाखच. म्हणजे शेवटचीचा १० लाख फायदा पहिलीच्या खिशातून येतो. पहिलीने रक्कम उचलून हप्ते थांबवले की शेवटच्यांच्या हाती काही उरत नाही. म्हणून ‘शेवटचा नंबर घे, फायदा आहे’ असं कुणी सुचवलं तर आधीचे नंबर कुणाचे आणि ती माणसं राहतात कुठे, हे विचार. उत्तर आलं नाही तर म्हण, आमच्याकडे आईच भिशी चालवते.

कळावे,
तुझी आई