अटी वाचल्या होत्या, पैसे तरीही गेले

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या आठवड्यात आपल्या वाचकपत्रांत एका गृहस्थांनी ॲपच्या वर्गणीत पैसे घालवून बसलेल्यांना चांगलंच फैलावर घेतलं आहे. अटी न वाचता बटणं दाबायची आणि मग गळा काढायचा, असा त्यांचा एकंदर सूर. पत्र वाचून मला हसू आलं. मी ३१ वर्षं मुद्रितशोधनाचं काम केलं. सहा पॉइंटातल्या तळटिपेत निसटलेला अनुस्वार शोधायचेच मला पैसे मिळत. तेव्हा अटी मी वाचल्या होत्या. पैसे तरीही गेले, लागोपाठ १७ आठवडे.

एक जुना दाखला स्कॅन करून पाठवायचा होता, म्हणून कागद स्कॅन करणारं एक ॲप फोनवर घेतलं. उघडल्याबरोबर पडदाभर एक पान आलं. मधोमध निळं, ठसठशीत बटण: 'मोफत सुरू करा'. त्याच्याखाली पांढऱ्यावर फिकट राखाडी अक्षरांत एक ओळ, की ३ दिवसांनंतर दर आठवड्याला अमुक इतके, रद्द करेपर्यंत. पान बंद करायची फुली वरच्या कोपऱ्यात होती, पण ती चार-पाच सेकंदांनी उगवली आणि तीही इतकी पुसट, की मला आधी काचेवरचा ओरखडाच वाटला. असं प्रूफ माझ्या टेबलावर आलं असतं तर 'टंक वाढवा' असं समासात लिहून मी ते परत पाठवलं असतं. तरी ती ओळ मी वाचली. तीन दिवस आहेत, आपलं काम आजच होतंय, असा हिशेब केला, कागद पाठवला आणि दुसऱ्या दिवशी ॲप फोनवरून काढून टाकलं. माझ्या लेखी विषय संपला.

तो संपला नव्हता हे चार महिन्यांनी बँकेचं विवरण नीट पाहिलं तेव्हा कळलं. रक्कम लहान, दर आठवड्याची, आणि समोर ॲपचं नावच नाही. नाव नसण्यात नवल काही नाही म्हणे. ॲपलच्या दुकानातून काही घेतलं तर विवरणात बहुधा 'ॲपल डॉट कॉम स्लॅश बिल' एवढंच दिसतं, आणि त्या नावाखाली गाणी असोत, साठवणुकीची जागा असो वा स्कॅनर, सगळं एकाच मापाने मोजलं जातं. मी भाच्याला फोन केला. तो म्हणाला, "मावशी, तू ॲप काढलंस. वर्गणी कुठे काढलीस?"

हे एक वाक्य त्या निळ्या बटणाखाली छापायला काय हरकत होती? वर्गणी फोनवरच्या ॲपला चिकटलेली नसते, ती ॲप स्टोअरवरच्या आपल्या खात्याला चिकटलेली असते. ॲप काढणं म्हणजे खोलीला कुलूप लावून निघून जाणं. भाडं चालूच. आता काही फोनवर ॲप काढताना 'वर्गणी चालू आहे, ठेवायची का?' असं विचारलं जातं, पण सगळीकडे आणि दर वेळी नाही. आणि विचारलं तरी 'काढा, काढा' करत आपण पुढे गेलेलो असतो, हेही कबूल करते.

या धंद्याला नावसुद्धा आहे. सोफोस या संगणक-सुरक्षा कंपनीने २०१९ मध्ये अशा ॲप्सना 'फ्लीसवेअर' म्हटलं. फ्लीस म्हणजे मेंढीची लोकर, आणि आपण कोण ते सांगायला नको. ही ॲप्स व्हायरस नसतात, काही चोरत नाहीत, जे कबूल करतात ते करतातही. फक्त साध्या कामाला भरमसाट दर लावतात आणि फुकटच्या मुदतीनंतर माणूस ॲप काढून निश्चिंत होईल यावर हवाला ठेवतात. दर आठवड्याचा असतो तोही उगाच नव्हे. वर्षाला ५२ आठवडे हा गुणाकार त्या घाईत कोणी करत नाही. मीही नाही केला.

आता पैसे परत मागायचं. इथे मला बरंच शिकायला मिळालं, ते सविस्तर लिहिते, कारण त्या गृहस्थांच्या पत्रात नेमकं हेच नव्हतं.

पहिलं काम पैसे मागण्याचं नाही, गळती थांबवण्याचं. आयफोनवर सेटिंग्जमध्ये सगळ्यात वर आपलं नाव असतं, त्यावर बोट ठेवलं की 'सबस्क्रिप्शन्स'. अँड्रॉइडवर प्ले स्टोअर उघडून कोपऱ्यातल्या आपल्या चित्रावर जायचं, तिथे 'पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स'. यादीत ते ॲप दिसलं नाही तर घाबरू नका आणि खूशही होऊ नका. बहुतेक वेळा वर्गणी दुसऱ्याच ईमेलच्या खात्यावर असते, किंवा ॲपच्या संकेतस्थळावर थेट कार्ड देऊन घेतलेली असते. थेट घेतलेली वर्गणी ॲप स्टोअरला ठाऊकच नसते, ती त्या संकेतस्थळावरच जाऊन बंद करावी लागते. जुन्या ईमेलमध्ये 'रिसीट' शब्द टाकून शोधलं की पावती सापडते आणि कुठलं खातं तेही कळतं. कार्ड बदललं की सुटलो, असं माझी एक मैत्रीण म्हणत होती. तसं नाही. पैसे वळते झाले नाहीत तर ॲपल ६० दिवसांपर्यंत पुन्हा पुन्हा प्रयत्न करू शकते.

मग परतावा. ॲपलची खरेदी असेल तर 'रिपोर्टअप्रॉब्लेम डॉट ॲपल डॉट कॉम' या पानावर जाऊन 'रिक्वेस्ट अ रिफंड' निवडायचं, कारण निवडायचं, ती खरेदी निवडायची. रक्कम अजून 'पेंडिंग' असेल तर अर्ज करता येत नाही, ती पूर्ण वळती होईपर्यंत थांबावं लागतं. अर्जाचं काय झालं ते साधारण ४८ तासांत कळतं. गूगल प्लेवर खरेदीला ४८ तास झाले नसतील तर गूगलकडेच मागता येतं. त्यानंतर गूगल आपल्याला ॲप बनवणाऱ्याकडे जायला सांगतं. मात्र खरेदी आपण किंवा आपल्या ओळखीच्या कोणीच केलेली नसेल, तर ती तक्रार १२० दिवसांपर्यंत करता येते. पावतीवरचा ऑर्डर क्रमांक हाताशी ठेवा. गूगलचा 'जीपीए'ने सुरू होतो.

माझ्या बाबतीत मी ॲपवाल्यांना लिहिलं. यंत्राने लिहिलेलं उत्तर आलं की स्टोअरकडे जा. स्टोअरकडे मी चार ओळी लिहिल्या: ॲप अमुक तारखेला काढलं, त्यानंतर एकदाही वापरलं नाही, वर्गणी आज रद्द केली, पुढील खरेद्यांचे पैसे परत मिळावेत. पहिल्या मसुद्यात संताप फार होता, तो भाच्याने कापला. (आयुष्यभर दुसऱ्यांचे मजकूर कापल्यावर स्वतःचा कापून घेताना जे वाटलं ते वेगळ्या पत्राचा विषय आहे.) १७ पैकी शेवटचे ३ आठवडे परत मिळाले. उरलेल्यांसाठी पुन्हा अर्ज केला, उत्तर नकाराचं आलं.

बँकेकडे तक्रार करून व्यवहारच उलटवून घे, असं एकाने सुचवलं. तो मार्ग आहे, आणि कार्ड दुसऱ्याच कोणी वापरलं असेल तर तोच बरोबर. पण बटण आपणच दाबलेलं असताना बँकेमार्फत पैसे उलटवले, तर स्टोअर आपलं खातं गोठवू शकतं, आणि त्या खात्यात फोटो, ईमेल, इतर खरेद्या सगळं असतं. १४ आठवड्यांच्या पैशांसाठी मी तो धोका पत्करला नाही. आणखी एक: परताव्यासाठी 'ग्राहक सेवा' असा इंटरनेटवर शोध घेऊन जो दिसेल तो क्रमांक फिरवू नका. माझ्या मैत्रिणीने फिरवला. पलीकडच्या माणसाने फोनचा पडदा दाखवणारं आणखी एक ॲप घ्यायला सांगितलं, तेव्हा तिने शहाणपणाने फोन ठेवला. परतावा द्यायला कोणालाही आपला ओटीपी लागत नाही.

आता त्या गृहस्थांच्या मुद्द्याकडे येते. दोष वाचणाऱ्याचाच असेल, तर २०१४ मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशन या ग्राहकांचं हित पाहणाऱ्या सरकारी संस्थेशी समझोता करून ॲपलने किमान ३ कोटी २५ लाख डॉलर ग्राहकांना परत द्यायचं का मान्य केलं? तेव्हा पासवर्ड एकदा टाकला की पुढची १५ मिनिटं पुन्हा न विचारता खरेदी होत असे. आईबापांनी पासवर्ड टाकून फोन मुलांच्या हाती दिला, मुलं खेळात खरेदी करत सुटली. त्या मुलांनीही अटी वाचायला हव्या होत्या का? जर्मनीत १ जुलै २०२२ पासून संकेतस्थळावर चालू वर्गणीचा करार करता येत असेल, तर तिथेच तो रद्द करायचं ठळक बटणही द्यावं लागतं. म्हणजे बटण बसवता येतं. कायद्याने सांगितल्याशिवाय ते बसवायचं मनात येत नाही, एवढंच.

माझी मागणी लहान आहे. फुकटची मुदत संपून पहिले पैसे कापण्याआधी एकदा विचारा, काळ्या शाईत, वाचता येईल अशा आकारात. गप्प बसणं म्हणजे होकार, असं लग्नाच्या बाबतीत लोक पूर्वी म्हणत. तिथेही आता कोणी म्हणत नाही.

तोवर मी एक सवय लावून घेतली आहे. फुकटची मुदत सुरू केली की त्याच मिनिटाला वर्गणी रद्द करून टाकते. बहुतेक ॲप्स मुदत संपेपर्यंत तरीही चालतात. शेवटच्या दिवसाची वाट पाहू नये, कारण ॲपलकडे मुदत संपण्याच्या किमान २४ तास आधी रद्द करावं लागतं, आणि तिसऱ्या दिवशी जाग आलेल्याचा तिसरा दिवस गेलेला असतो.

ता. क. आपल्या वृत्तपत्राच्या डिजिटल आवृत्तीची वर्गणी मी गेल्या वर्षी भरली. सुरू करायला दोन बटणं पुरली. बंद करायचं बटण कुठे आहे ते काल अर्धा तास शोधलं, सापडलं नाही. मला ती बंद करायची नाही. फक्त बटण कुठे आहे तेवढं कळवावं.

आपली,
एक निवृत्त मुद्रितशोधक