नव्या ओव्हनबद्दल

ती. आई-बाबा,
साष्टांग नमस्कार.

आई, रागावू नकोस, पण छोटा ओव्हन मी मागवून टाकला आहे. शनिवारी येईल. ओट्यावर बसेल, म्हणजे तापलेला ट्रे काढायला वाकायला नको. जुन्याचं दार जमिनीलगत, तुझं मनगट भार घेत नाही, आणि बाबा मदतीला वाकले की त्यांना चक्कर येते. मावशीच्या वेळचं पुन्हा नको. दादाशीही बोलले आहे. तुझे स्कोन थांबावेत म्हणून नाही गं, चालू राहावेत म्हणून हे सगळं.

पिठाचा खटाटोपही यापुढे माझा. 225 ग्रॅम मैद्याला 50 ग्रॅम गार बटर, तुझ्यासारखंच बोटांच्या टोकांनी, रवाळ होईपर्यंत चोळेन. मग साखर, बेदाणे, दूध घालून नुसता गोळा जमवायचा. मळत बसलं की स्कोन चिवट होतात. लहानपणी मी कटर गोल फिरवायला लागले की तू माझा हात धरून सरळ खाली दाबायचीस. पिळलं की कडा मिटतात आणि स्कोन वाकडे फुगतात, म्हणायचीस. तुझा तो पीठ लागलेला, गार हात मला फार आवडायचा.

भाजून पाठवणं सोपं होतं, पण मग तुमच्या घरात तो वास कुठून येणार? म्हणून कापून, कच्चेच गोठवून देईन. बाहेर काढून ठेवायचे नाहीत. ओव्हन 200 अंशांवर तापला की तसेच आत, वरून दुधाचा हात. दूध कडेवरून ओघळलं तर नीट फुगत नाहीत, हे तुला मी काय सांगणार! फक्त ताज्यांपेक्षा काही मिनिटं जास्त लागतील.

बाबा, तुमच्या पाकिटावर नाव लिहिलंय, त्यात बेदाणे निम्मे. तरी एकच खायचा, जॅमशिवाय. बेकिंग पावडरमध्ये सोडियम असतं, म्हणून बटर बिनमिठाचं घेतलंय. आई झोपल्यावर दुसरा उचलायचा नाही. रक्तदाबाची वही मी येऊन बघणार आहे.

आणि आई, जुना ओव्हन कुठेही जाणार नाही. तुझे डबे राहतील त्यात, तूच लाव हवे तसे. कोपरापर्यंतचे हातमोजे पाठवतेय, ते घातल्याशिवाय ट्रेला हात नाही. नवा ओव्हन भिंतीला चिकटवू नका. रविवारी मी सकाळीच येते, पहिला घाणा आपण मिळून लावू. तोवर दोघांनीही खोक्याला हात लावायचा नाही, उचलायचं तर नाहीच.

तुमची,
धाकटी