लाटण्याची खुंटी न काढणाऱ्या उस्तादांना

उस्ताद काका, सलाम.

तुम्ही दुरुस्त केलेला बाबांचा रबाब, ते अफगाण तंतुवाद्य, सांगलीला सुखरूप पोचला. गाडीत बर्थवर तो झोपला आणि मी रात्रभर त्याच्या पायाशी बसून आले. पत्र मराठीत लिहितेय. तुमच्या नातीला फोनवर हिंदीत वाचून दाखवीनच. पण जाहीर लिहायचं कारण वेगळं आहे. आमच्याकडच्या काही शहाण्यांनी या वाद्याचे जे हाल केले ते त्यांच्याच भाषेत त्यांना ऐकवायचेत, आणि तुम्ही काय केलंत तेही.

आधी शहाण्यांचं उरकते. बाबा गेल्यावर रबाब कपाटावरून खाली काढला तर कातडं फाटलेलं, तारा गंजलेल्या. एका नावाजलेल्या दुकानात दुरुस्तीला दिला. परत आला तो असा: बकरीच्या कातड्याच्या जागी ड्रमला लावतात तसलं प्लास्टिक, शिंपल्याच्या जडावकामावरून फर्निचरचं पॉलिश, आणि तरफा, म्हणजे मुख्य तारांच्या सुराबरोबर आपोआप झणझणणाऱ्या बाजूच्या तारा, सगळ्या कापून टाकलेल्या. का, तर "मॅडम, त्या वाजवतंय कोण?" एका खुंटीकडे बोट दाखवून मालक हसलेसुद्धा. बिलात मात्र काही कापलेलं नव्हतं. दुसरे एक सांस्कृतिक गृहस्थ. त्यांना गझलेच्या कार्यक्रमात मंचावर मागे ठेवायला रबाब हवा होता, "जरा काबुलीवाला टच येतो." वाजवायला कोणी नाही का, असं विचारल्यावर त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी मंचावरची समई वाजवायला सांगितलं. आणि घरचे पाहुणे तर होतेच. "अफगाणिस्तानात कसलं आलंय संगीत? तिथे बंदुका."

यात एकच माणूस सरळ भेटला, मिरजेचा एक सतारमेकर. त्याने रबाब उलटसुलट करून पाहिला, खाली ठेवला आणि म्हणाला, "ताई, हे कातड्याचं काम आमच्या हातचं नाही. उगाच पैसे घेणार नाही. तिकडचा माणूस शोधा." त्यालाही या पत्रात नमस्कार.

तिकडचा माणूस कसा सापडला, पुण्यात शिकणाऱ्या कुठल्या अफगाण पोराने कोणाला फोन केला, मी दिल्लीत लाजपत नगरच्या गल्ल्यांत नानच्या भट्ट्या आणि फारसी पाट्यांमधून किती भटकले, ते सगळं सोडून देते. सापडलात, एवढं खरं.

पण त्या पाहुण्यांना उत्तर द्यायचं राहिलंय, म्हणून थोडं त्यांच्यासाठी.

बाबा सत्तरच्या दशकात काही वर्षं काबुलला इंजिनिअर होते. ते सांगायचे त्या काबुलमध्ये जुन्या शहरात खराबात नावाचा एक मोहल्लाच गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांचा होता. अफगाणिस्तानच्या अमीर शेर अली खानाने १८६० च्या दशकात हिंदुस्थानातून गवई आणि साजिंदे दरबारात नेले, त्यांची घराणी तिथे रुजली. म्हणून काबुलच्या गझलेत शायरी फारसी, चाल रागातली, ठेका तबल्याचा, आणि दोन शेरांच्या मधे रबाब असा सुटतो की ऐकणारा शेर विसरतो. गवई उस्ताद कासिम त्या मोहल्ल्याचे. उस्ताद सराहंगही तिथलेच. ते पतियाळा घराण्याच्या आशिक अली खानांकडे शिकले आणि काबुलला परत जाऊन आयुष्यभर बेदिल या फारसी शायराच्या गझला गायले. हा बेदिल जन्माने पाटण्याचा, पुरला गेला दिल्लीत, १७२० साली. काबुलमध्ये त्याच्या एकेका शेरावर रात्र रात्र चर्चा चालायची. तुमच्या घरापासून त्याची कबर काही फार लांब नाही. दिल्लीकराला विचारा, कोण बेदिल? जाऊ द्या.

आणि संगीत म्हणजे काही नुसते उस्ताद नव्हेत. लग्नात नवरानवरी हळूहळू चालत येतात तेव्हाचं एक ठरलेलं गाणं आहे, त्याच्याशिवाय अफगाण लग्न लागल्यासारखं वाटतच नाही म्हणे. बायकांच्या बाजूला बायकाच दायरा, म्हणजे डफ, घेऊन बसतात. हेरातमध्ये तर लग्नात गाणाऱ्या-वाजवणाऱ्या बायकांचे स्वतःचे ताफे होते. रमजानच्या रात्री रोजा सुटल्यावर बैठका रंगायच्या. हेरातचा दुतार वेगळा, उत्तरेकडचा दंबुरा वेगळा, गजाने वाजवायचा घिचक वेगळा. आणि घराघरात रेडिओ अफगाणिस्तान. त्याच रेडिओच्या वाद्यवृंदाचे उस्ताद मोहम्मद उमर रबाब घेऊन १९७४ मध्ये अमेरिकेत सिॲटलच्या विद्यापीठात शिकवायला गेले होते. तिथे त्यांची मैफल झाली तेव्हा तबल्याला कोण होतं? आमच्या माहीमचे झाकीर हुसेन, वय वर्षं तेवीस. ते रेकॉर्डिंग आजही मिळतं. पाहुण्यांनी ऐकावं आणि मग बोलावं.

हे सगळं बंद पाडलं ते कुणी, तेही त्यांना माहीत असावं. आधी १९९२ नंतरच्या यादवीत रॉकेटांनी खराबात उद्ध्वस्त केलं. मग १९९६ ला तालिबान आले. नाक्यानाक्यावर गाड्या थांबवून कॅसेटी काढायचे आणि त्यांच्या फिती उपसून खांबांना गुंडाळायचे. मधली वीस वर्षं थोडा श्वास मिळाला. २०१० साली काबुलमध्ये राष्ट्रीय संगीत संस्था उभी राहिली, मुलामुलींना एकत्र शिकवणारी. त्यातूनच नुसत्या मुलींचा झोहरा वाद्यवृंद निघाला. २०२१ च्या ऑगस्टमध्ये पुन्हा तेच. त्याच महिन्यात अंदराब खोऱ्यातल्या फवाद अंदराबी नावाच्या लोकगायकाला घरातून ओढून नेऊन गोळी घातली. घिचक वाजवत गावाकडची गाणी म्हणायचा, एवढाच त्याचा गुन्हा. संगीत संस्थेची मुलं आणि शिक्षक मिळून २७३ माणसं देश सोडून पोर्तुगालला गेली. २०२३ च्या जुलैत हेरातमध्ये वाद्यांची होळी केली, त्या फोटोत पेटी आणि तबला आहे. आपल्या कुठल्याही देवळातल्या भजनात असतात, तसलेच. २०२४ च्या डिसेंबरात युनेस्कोने रबाब बनवण्या-वाजवण्याची कला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतली, अफगाणिस्तान, इराण, ताजिकिस्तान, उझबेकिस्तान अशा चार देशांच्या नावाने. त्यातल्या पहिल्या देशात रबाब खांद्याला लावून रस्त्याने जायची आज सोय नाही.

पाहुण्यांचं झालं. आता आपलं.

काका, तुम्ही रबाब हातात घेतलात आणि पहिली गोष्ट बोललात ती ही, की हा काही मोठ्या कारागिराचा रबाब नाही, काबुलच्या शोर बाजारात तेव्हा असे पुष्कळ मिळायचे. मला जरा लागलं. घरी आम्ही त्याला कोहिनूर समजत होतो. मग तुम्ही बोटाच्या पेराने पोटावर टकटक केलंत आणि म्हणालात, "लेकिन तूत सच्चा है." तुतीच्या एका ओंडक्यातून कोरलेला, कुठे सांधा नाही, चीर नाही. तेवढ्यात मला कळलं की हा माणूस मला खूश करायला काही बोलणार नाही, आणि म्हणूनच वाद्य याच्याकडे सोडून जाता येईल.

प्लास्टिक काढताना तुम्ही एक शिवी दिलीत. तुमच्या दरी भाषेत दिलीत, तरी कळली. पॉलिश खरवडायला तुम्हाला आणि नातवाला किती संध्याकाळ गेल्या ते तुम्ही सांगितलं नाहीत, तुमच्या नातीने सांगितलं. नवं कातडं, तारा जिच्यावर टेकतात ती हाडाची घोडी, आतड्याचे पडदे, तरफा. काम उत्तम झालंय, त्याबद्दल आभार आहेतच. पण नुसतं काम उत्तम झालं असतं तर मी पैसे देऊन मोकळी झाले असते, पत्र लिहिलं नसतं.

पत्र त्या खुंटीसाठी आहे.

बाजूच्या तरफांच्या खुंट्यांमध्ये एक काळपट, जाडसर, बेढब खुंटी आहे. त्याच खुंटीला ते दुकानदार हसले होते. ती माझ्या लहानपणी बाबांनी केली. मूळची तुटली, सांगलीत दुसरी मिळेना, म्हणून त्यांनी आईचं शिसवी लाटणं करवतीने कापलं आणि कानशीने घासत बसले. आईने त्यावर जे मौन धरलं ते आमच्या घराच्या इतिहासात नोंदलेलं आहे. उरलेल्या आखूड लाटण्यावर तिने पुढे कित्येक वर्षं पोळ्या लाटल्या, आणि प्रत्येक पाहुण्याला ते लाटणं दाखवलं.

दुरुस्तीत ही खुंटी जाणार असं मी धरूनच चालले होते. तुमच्याकडे नव्या खुंट्या तयार होत्या, सैल झालेल्या दोन तुम्ही बदलल्यातही. या खुंटीपाशी आलात आणि थांबलात. काढलीत, उजेडात धरलीत, खडू फासलात, परत बसवून पिळून पाहिलीत. मग विचारलंत, "आपके वालिद परंदकारी करते थे?"

काका, बाबांबद्दल असा प्रश्न त्यांच्या हयातीत कोणी विचारला नव्हता. मी हो म्हटलं. बाबा रात्री दार लावून तेच घोकायचे: मुख्य तारेवर सूर, मधेच सगळ्यात आखूड तरफेवर टोला, पुन्हा सूर, पुन्हा टोला. आम्हा मुलांना वाटायचं बाबा चुकतायत. तुम्ही म्हणालात, ही खुंटी त्याच तरफेची आहे, घोडीवर उचललेल्या तरफेची. ती सारखी पिळावी लागते, म्हणून तीच तुटली. ज्याने रबाब नुसता ठेवला त्याची ही खुंटी तुटत नाही. आणि मग म्हणालात, "ये उनका हाथ है. इसको मैं नहीं निकालेगा."

तुमच्याकडे खानदानी वाजवणारा तो कसबी आणि हौसेने वाजवणारा तो शौकी, ही भिंत पक्की असते हे बाबांकडून ऐकलं होतं. बाबा तर शौकींमधलेही परदेशी. सात मात्रांच्या मोगुली तालात ते आपला रूपक शोधायचे आणि शेजारच्या काबुली म्हाताऱ्याच्या शिव्या खायचे. बैरमी राग बरा वाजवत, असं त्यांचंच मत होतं. दुसरं कुणाचं ऐकल्याचं आठवत नाही. अशा माणसाच्या कानशीने घासलेल्या ओबडधोबड लाकडासमोर एक खराबातचा कसबी थांबला. तुमचं स्वतःचं दुकान शोर बाजारात जळलेलं, हत्यारं पेशावरला विकावी लागलेली. तुम्हाला हळहळायचं तर स्वतःसाठी पुष्कळ होतं. तुम्ही सांगलीच्या एका इंजिनिअरची खुंटी जपलीत.

लोक चांगुलपणा म्हणजे मोठा खर्च किंवा मोठा त्याग समजतात, त्याची बातमी होते, शाल-श्रीफळ मिळतं. मला वाटतं दुसऱ्याने केलेलं काम नीट बघणं, ते कुणी आणि कशासाठी केलं असेल याचा अंदाज घेणं आणि तोवर हातातलं हत्यार खाली ठेवणं, एवढं ज्याला जमतं तो भला माणूस. दुकानदारांकडे तुमच्यापेक्षा हत्यारं जास्त होती, विजेवर चालणारी. मिरजेच्या त्या सतारमेकराला हे जमत होतं, तुम्हाला जमतं. आमच्या गल्लीत एक सायकलवाला आहे, त्यालाही जमतं. पदवी, देश, धर्म, पगार यांचा त्याच्याशी काही संबंध मला तरी दिसलेला नाही.

आईला खुंटीची हकिकत सांगितली. आता ती चौऱ्याऐंशीची आहे, ऐकू कमी येतं. दोनदा सांगायला लागलं. मग म्हणाली, "म्हणजे माझं लाटणं वाया गेलं नाही तर," आणि तुमच्यासाठी काहीतरी पाठवायचा हट्ट धरला. पैसे तुम्ही सांगितलेत त्याच्यावर एक रुपया घेतला नाहीत, म्हणून खाऊ. पण आमच्या भागातली नावाजलेली चीज म्हणजे तासगावचे बेदाणे. काबुलच्या माणसाला बेदाणे पाठवणं म्हणजे काय हे मी तिला समजावून पाहिलं, ती ऐकायला तयार नाही. दोन किलो निघालेत. सोबत राजापुरी हळदही आहे, त्यात तरी तुम्ही नावं ठेवू शकणार नाही. बेदाण्यांबद्दल जे काही म्हणायचं ते नातीला सांगा, ती मला सौम्य करून सांगेल.

आणि एक विचारायचं राहिलं. इथे जूनपासून हवा ओली होते, तेव्हा कातडं उतरेल का? तुम्ही बल्बजवळ ठेवायला सांगितलंत, पण किती लांब? माझी मुलगी वाजवायला लागली आहे. अजून फक्त सा लावते, आणि तरफा झणझणल्या की हसते. उजव्या हातात शाहबाज, म्हणजे तारा छेडायची ती नखी, कसा धरायचा ते व्हिडिओवर एकदा दाखवाल का? रविवारी सकाळी फोन करते, तुमची चहाची वेळ सोडून.

तुमची,
रबाबवाल्या इंजिनिअरची मुलगी, सांगली