इयानुचीच्या लिखाणाबद्दल, सुहासला

प्रिय सुहास,

सप्रेम नमस्कार.

‘द थिक ऑफ इट’ ही ब्रिटिश राजकारणाची टर उडवणारी टीव्ही मालिका पाहून तू विचारलंस की हे सगळं नटांनी ऐनवेळी सुचेल तसं बोललंय का. नाही रे. तो विस्कळीतपणा मालिकेचा कर्ता आर्मांदो इयानुची याने फार मेहनतीने लिहून घेतलेला आहे.

हा माणूस ग्लासगोचा, जन्म 1963 चा, वडील नेपल्सचे. ऑक्सफर्डला मिल्टन या इंग्रज कवीवर पीएचडी करत होता, ती अर्धवट सोडून रेडिओत शिरला. 1991 मध्ये बीबीसी रेडिओ 4 वर ‘ऑन द अवर’ आलं. बातम्या निव्वळ मूर्खपणाच्या, पण संगीत, आवाज, वाचनाची लकब खऱ्या बातमीपत्राची. नट स्टीव्ह कूगनने रंगवलेला अ‍ॅलन पार्ट्रिज तिथलाच क्रीडावार्ताहर. 1994 मध्ये त्यातूनच टीव्हीवर ‘द डे टुडे’ झालं, अवघे सहा भाग. बाहेरचा साचा खरा ठेवून आतला मजकूर बिघडवायचा, हे त्याने इथे पक्कं केलं. माझ्या मते पुढचं सगळं त्यावरच उभं आहे.

आता ‘द थिक ऑफ इट’ची पद्धत. आधी संहिता पूर्ण लिहायची. एकाने खर्डा केला की दुसऱ्याने त्यावर हात फिरवायचा. सायमन ब्लॅकवेल, टोनी रोश, जेसी आर्मस्ट्राँग ही त्यातली लेखकमंडळी. शिव्या रंगवायला तर लँकेस्टरचा इयान मार्टिन खास नेमलेला! मग तालमीत नट प्रसंग मोकळेपणाने खेळतात, त्यातलं चांगलं वेचून पुन्हा लेखन. चित्रीकरणात लिहिल्याबरहुकूम टेक घ्यायचे, आणि मग मोकळे. कॅमेरे हातात धरलेले, त्यामुळे आपण आत्ता चौकटीत आहोत की नाही हे नटाला कळत नाही आणि न बोलणाराही जागा राहतो. शेवटी संकलनात निर्दय काटछाट.

क्रम उलटा केलास, म्हणजे आधी मोकळं खेळून मग लिहू म्हटलंस, तर नट नुसते एकमेकांवर ओरडतात. मालिकेचा 2005 चा पहिला भाग पुन्हा बघ. मंत्री ह्यू अ‍ॅबट योजना जाहीर करायला निघालाय. वाटेत कळतं, जाहीर करायची नाही. पत्रकार जमलेत, गाडी चालू आहे, आणि मंत्री नि सल्लागार मागच्या सीटवर नवी योजना शोधतायत. वेळ ठरलेली, जागा अरुंद, पळायला वाट नाही. ही कोंडी कागदावर पक्की आहे, म्हणूनच तिच्यात नट कसेही बोलले तरी प्रसंग सुटत नाही.

2007 मध्ये अमेरिकेत एबीसी वाहिनीने याच मालिकेचा पायलट, म्हणजे चाचणीचा पहिला भाग, केला, तो पुढे गेलाच नाही. चित्रीकरण नेहमीच्या धाटणीचं, शिव्या नाहीत, मोकळे टेक नाहीत, आणि इयानुचीचा त्यात फारसा हात नव्हता. नाव आणि पात्रं नेली, पद्धत मागेच राहिली. 2012 मध्ये एचबीओ या अमेरिकन वाहिनीवर ‘वीप’ ही मालिका करताना मात्र त्याने आपले ब्रिटिश लेखक सोबत नेले, चित्रीकरण बाल्टिमोरला केलं. चार सीझननंतर तो बाहेर पडला. त्या चौथ्या सीझनला 2015 मध्ये सर्वोत्कृष्ट विनोदी मालिकेचा एमी हा टीव्ही पुरस्कार मिळाला.

तुझ्या संहितेचे पहिले दोन प्रसंग पाठव. संवाद नंतर बघू. आधी प्रत्येकाला काय हवंय आणि किती वेळात, एवढंच समासात लिहून दे.

तुझा,
अविनाश