‘पूर्वलक्षी प्रभावाने’ म्हणजे फरक की वसुली? मराठी भाषा मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. मंत्री महोदय,
मराठी भाषा विभाग, महाराष्ट्र शासन,
मंत्रालय, मुंबई

विषय : शासन निर्णयांतील ‘पूर्वलक्षी प्रभावाने’ या शब्दप्रयोगाबाबत

महोदय,

सविनय नमस्कार.

शासन निर्णय निघाला की हल्ली तो कार्यालयाच्या आधी फोनवर पोहोचतो. आमच्या सांगलीत विश्रामबागला संध्याकाळी निवृत्त मास्तर, ग्रामसेवक, कारकून अशी मंडळी बसतात. कुणीतरी चष्मा कपाळावर सरकवून पीडीएफ मोठी करतो आणि विचारतो, “फरक मिळणार का, का नुसतंच नोशनल?” म्हणजे मधल्या काळाची थकबाकी हातात पडणार, की वाढ नुसती कागदावरच राहणार? प्रश्न एवढाच असतो. उत्तर कुठेतरी शेवटच्या पानावर, एका लांबलचक वाक्यात दडलेलं असतं. त्या वाक्यात ‘पूर्वलक्षी प्रभावाने’ (ढोबळमानानं, मागच्या तारखेपासून) हे शब्द आले की बैठकीत दोन तट पडतात.

मी आस्थापना शाखेत नोकरी केली. सेवापुस्तकं लिहिली, वेतननिश्चिती केली, वसुलीचे तक्तेही केले. त्यामुळे मंडळी माझ्या तोंडाकडे बघतात, आणि मला ‘पुढचं वाक्य काय आहे ते बघू’ याच्यापलीकडे काही सांगता येत नाही. पैशाचा निर्णय वित्त विभागाचा असतो हे मला ठाऊक आहे. पण शब्द आपल्या खात्याचा आहे. राज्याचा कारभार मराठीत चालावा म्हणून १९६० साली भाषा संचालनालय उभं राहिलं, ते आज आपल्या विभागाखाली येतं. म्हणून हे पत्र आपल्याला.

सातवा वेतन आयोग आठवा. नियम निघाले जानेवारी २०१९ मध्ये, लागू झाले १ जानेवारी २०१६ पासून. म्हणजे तीन वर्षं मागे जाऊन प्रत्येकाचा पगार त्या दिवसापासूनच वेगळा होता असं धरलं गेलं आणि मधल्या काळाचा फरक पाच हप्त्यांत देण्याचं ठरलं. हा खराखुरा मागे जाणारा निर्णय. आता पदोन्नतीच्या मानीव दिनांकाचा, म्हणजे ती अमुक मागच्या तारखेला झाली असं मानण्याचा, आदेश घ्या. पदोन्नती मागच्या तारखेची, वेतननिश्चिती काल्पनिक, आणि खाली ठरलेली ओळ : थकबाकी अनुज्ञेय राहणार नाही, म्हणजे मिळणार नाही. सेवापुस्तकातला भूतकाळ बदलला, पासबुकातला जिथल्या तिथं. दोन्ही ठिकाणी शब्द मात्र तोच.

इथवर निदान कुणाच्या खिशाला हात लागत नाही. वसुलीत तो लागतो. वेतननिश्चितीत कुणीतरी एक वेतनवाढ जास्त धरलेली असते, तसाच पगार वर्षानुवर्षं निघतो, निवृत्तीच्या तोंडावर पुस्तक पडताळणीला जातं आणि शेरा येतो. मग आदेश निघतो की अमुक दिनांकापासून पूर्वलक्षी प्रभावाने वेतन सुधारित करून अतिप्रदान (जादा दिलेल्या) रकमेची वसुली करावी. एक निवृत्त शिक्षिका असा आदेश घेऊन माझ्याकडे आल्या होत्या. ‘पूर्वलक्षी’ या शब्दाखाली त्यांनी पेन्सिलीनं रेघ मारली होती. त्यांना वाटत होतं, हा आपल्या बाजूचा शब्द आहे. सातव्या आयोगाच्या वेळी याच शब्दानं त्यांना फरक मिळाला होता ना! ‘सुधारित’ म्हणजे वाढलेलं, अशीही त्यांची समजूत. आदेशाच्या दुसऱ्या पानावर उपदानातून (ग्रॅच्युइटीतून) किती कापायचे त्याचा तक्ता होता. तो त्यांनी फरकाचा तक्ता म्हणून वाचला होता.

अशा वसुलीबद्दल सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर २०१४ मध्ये पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह या प्रकरणात मर्यादा घातल्या. वर्ग ३ आणि वर्ग ४ चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम गेलेली, अशा प्रकरणांत वसुली करता येत नाही असं सांगितलं. पण २०१६ मध्ये जगदेव सिंग यांच्या प्रकरणात त्याच न्यायालयानं म्हटलं, की जादा रक्कम परत करीन असं लिहून दिलं असेल तर माणूस बांधला जातो. आणि वेतन आयोगाचा विकल्प भरताना आपण सगळे ते वचनपत्र सही करून देतोच. झेरॉक्सच्या दुकानात उभ्या उभ्या.

नोकरदारांपुरतंच हे गाऱ्हाणं आहे असं कृपया समजू नये. शेतजमिनीत तर हा शब्द भावाबहिणीच्या मध्ये येऊन बसलाय. हिंदू उत्तराधिकार कायद्यातल्या दुरुस्तीनं ९ सप्टेंबर २००५ पासून मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत जन्मतः हक्क मिळाला. महाराष्ट्रानं अकरा वर्षं आधी, १९९४ मध्येच, स्वतःची दुरुस्ती केली होती, पण ती तोवर लग्न न झालेल्या मुलींपुरती. तासगाव, वाळवा भागात बांधावर आजही एकच वाद ऐकू येतो : “वडील २००५ च्या आधी गेले, आता कसला हिस्सा?” आणि पलीकडून, “कायदा मागून लागू झालाय, सगळं उकरून निघणार.” दोघंही चूक. ऑगस्ट २०२० मध्ये विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या निकालानं सांगितलं, की २००५ साली वडील हयात असण्याची अट नाही. पण २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर झालेलं वाटप किंवा विक्री मोडत नाही. हक्क वापरायचा तो २००५ पासून पुढे, त्याचं मूळ मात्र मागे, मुलीच्या जन्मात.

याच निकालात न्यायालयानं तीन शब्द तीन अर्थांनी वापरले. प्रॉस्पेक्टिव्ह म्हणजे आजपासून पुढे. रेट्रोस्पेक्टिव्ह म्हणजे मागे जाऊन, मिळालेले हक्कसुद्धा हलवणारा. रेट्रोॲक्टिव्ह म्हणजे चालतो पुढेच, पण मागच्या एखाद्या घटनेवर किंवा नात्यावर टेकून. मुलीचा हक्क या तिसऱ्या प्रकारचा. आता हा निकाल मराठीत समजावायला बसा. पहिल्याला ‘भविष्यलक्षी’ आहे. उरलेल्या दोघांना मिळून आपल्याकडे एकच ‘पूर्वलक्षी’, नाहीतर काही कायद्यांत त्याचा जुळा भाऊ ‘भूतलक्षी’. (हा दुसरा शब्द ऐकल्यावर गावाकडचे लोक आधी हसतात, त्यात त्यांचं काय चुकलं?) दोन शब्द आहेत, तर एकाला एक अर्थ आणि दुसऱ्याला दुसरा असं तरी असावं! तसंही नाही. कोणत्या विभागाच्या हाताला कोणता शब्द आधी लागला, एवढाच भेद.

इंग्रजीत सगळं सुरळीत आहे असंही नाही. कॅनडातल्या कायद्याच्या मान्य मांडणीत हेच दोन शब्द नेमके उलट आहेत : मागे जाऊन लागू होणारा तो रेट्रोॲक्टिव्ह, आणि मागच्या घटनेवरून पुढे परिणाम करणारा तो रेट्रोस्पेक्टिव्ह. तेव्हा इंग्रजीकडे बघून मराठी प्रतिशब्द पाडत बसण्यात अर्थ नाही. आपल्याला कोणता भेद दाखवायचाय ते ठरवावं आणि आपले शब्द घ्यावेत.

मागच्या घटनेवर टेकून पुढे चालणारा हा प्रकार कारभारात सगळ्यात जास्त भेटतो आणि त्यालाच नाव नाही. १ नोव्हेंबर २००५ ला किंवा त्यानंतर नेमणूक झालेल्यांची जुनी पेन्शन गेली. पुढे फेब्रुवारी २०२४ मध्ये शासनानं, ज्यांच्या भरतीची जाहिरात त्या तारखेच्या आधीची पण नेमणूक नंतरची, त्यांना जुन्या पेन्शनचा विकल्प दिला. मागची जाहिरात बघून पुढची पेन्शन ठरली. कर्जमाफीचंही तसंच. २०१९ च्या योजनेत ३० सप्टेंबर २०१९ ला थकीत असलेलं कर्ज मोजलं. ज्यानं सोनं गहाण टाकून आदल्या महिन्यात सोसायटीचं कर्ज फेडलं तो बाहेर राहिला आणि प्रोत्साहनाच्या पन्नास हजारांची वाट बघत बसला. तारीख मागची, परिणाम पुढचा. याला ‘पूर्वलक्षी’ म्हणायचं की नाही यावर दोन वकील तुम्हाला दोन उत्तरं देतील.

आणि काही वेळा शब्द कुठेच नसतो, काम मात्र होऊन जातं. व्होडाफोन प्रकरण घ्या. आयकराच्या मागणीविरुद्ध कंपनी जानेवारी २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयात जिंकली. त्याच वर्षीच्या वित्त अधिनियमानं आयकर कायद्यात दुरुस्ती घातली, ती १ एप्रिल १९६२ पासून लागू. पन्नास वर्षं मागे! आव मात्र असा, की नवीन काही करत नाही, आधीपासून जे होतं त्याबद्दलची शंका तेवढी दूर करतोय. शेवटी ऑगस्ट २०२१ मध्ये संसदेनं कायदा करून २८ मे २०१२ आधीच्या व्यवहारांवरच्या त्या मागण्या सोडून दिल्या. आमच्या पातळीवर हेच काम ‘शुद्धिपत्रक’ करतं. मूळ निर्णयातल्या ‘व’ च्या जागी ‘किंवा’ वाचावे, एवढीच ओळ. ती मूळ तारखेपासून वाचायची म्हटल्यावर मधल्या काळात ज्यांना लाभ दिला त्यांची फाइल पुन्हा उघडते.

मागे जाणं वाईटच, असं माझं म्हणणं नाही. आमच्या जिल्ह्यातल्या साखर कारखान्यांना ते चांगलंच माहीत आहे. उसाला दिलेल्या जादा दराला नफा समजून आयकर विभागानं वर्षानुवर्षं नोटिसा काढल्या. २०२३-२४ च्या केंद्रीय अर्थसंकल्पानं २०१६-१७ च्या आधीच्या कर आकारणी वर्षांसाठी ती रक्कम खर्च म्हणून दाखवायची मुभा दिली, तेव्हा जवळपास १०,००० कोटी रुपयांचा दिलासा असल्याचं सांगितलं गेलं. सांगली-मिरज-कुपवाडमध्ये गुंठेवारीवर, म्हणजे परवानगीशिवाय तुकडे पाडून विकलेल्या जमिनीवर, घर बांधलेल्या माणसालाही तसाच अनुभव आहे. २००१ चा कायदा १ जानेवारी २००१ पर्यंतच्या बांधकामांसाठी होता, २०२१ च्या दुरुस्तीनं ती मुदत ३१ डिसेंबर २०२० पर्यंत आणली. काल बेकायदा होतं ते शुल्क भरून नियमित झालं. या ‘नियमितीकरण’ शब्दावर मात्र कुणाचं भांडण होत नाही. ‘कार्योत्तर मंजुरी’ वरही नाही. काम आधी झालं, सही नंतर झाली, हे त्यातच दिसतं. चांगला घडवलेला शब्द असा असतो, आणि तोही आपल्याच सरकारी मराठीनं दिलाय.

‘पूर्वलक्षी’ अडतो तो इथं. लक्षी म्हणजे पाहणारा. मागे नुसतं पाहतो की मागे जाऊन हात घालतो, हे तो शब्द सांगत नाही. लोकांनी आपली सोय केलेली आहे. फरक, बाकी, वसुली, तारीख हे सगळे अरबी-फारसीच्या वाटेनं आलेले शब्द फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणाऱ्या शिवकाळातल्या राज्यव्यवहारकोशाच्या झाडणीतूनही वाचले, कारण ते चावडीवरच्या हिशेबात रोज लागत होते. शेतकरी आजही ‘मागच्या तारखेनं’ म्हणतो आणि त्याला काय म्हणायचंय ते समोरच्याला कळतं.

म्हणून आपल्या विभागाकडे मागणी करतो. जो निर्णय खरोखर मागे जातो त्याला ‘मागील दिनांकापासून लागू’ म्हणावं. जो मागची घटना बघून पुढे चालतो त्याला ‘मागील घटनेवर आधारित, यापुढे लागू’ म्हणावं. लांबट आहे, चालेल. संचालनालयातल्या जाणकारांना याहून चांगलं सुचलं तर आनंदच आहे. वाईला विश्वकोशाचं कार्यालय आहे, तिथल्या लोकांनाही विचारता येईल. ‘न्यायालयांत रुळलेला शब्द बदलला तर वाद वाढतील’ असं विधी व न्याय विभाग म्हणेल, आणि त्यात तथ्य आहे. तर ‘पूर्वलक्षी’ ठेवा. पण त्याला एकटं सोडू नका. ज्या शासन निर्णयात तो येईल, त्याच्या पहिल्याच पानावर साध्या वाक्यांत लिहिलेलं असावं : कोणत्या तारखेपासून, मधल्या काळाचा फरक रोख मिळणार की नाही, मिटलेली प्रकरणं पुन्हा उघडणार का, आणि कुणाकडून वसुली निघणार का. शुद्धिपत्रकालाही हाच नियम लागावा.

फौजदारी गुन्ह्यांपुरतं घटनेनं अनुच्छेद २०(१) मध्ये दार बंद केलेलं आहे. कृत्य केलं तेव्हा जो गुन्हा नव्हता, त्याची मागाहून शिक्षा नाही. पगार, कर आणि जमीन यांना तसं कुलूप नाही. कायद्यात स्पष्ट म्हटलेलं नसेल तर तो पुढेच लागू होतो असं धरायचं, हे २०१४ मध्ये वाटिका टाउनशिपच्या प्रकरणात घटनापीठानं पुन्हा सांगितलं. हे ‘स्पष्ट’ मराठीत कसं लिहायचं ते ठरवणं आपल्या हातात आहे, आणि त्यासाठी विधेयक लागत नाही. सर्व विभागांना जाईल असं एक परिपत्रक आणि शासन निर्णयाच्या ठरावीक नमुन्यात एक जादा चौकट एवढंच लागेल.

चौकटीचा मसुदा करून आपल्या कार्यालयाकडे टपालानं वेगळा पाठवला आहे. त्यात मानीव दिनांक, वेतनदुरुस्ती आणि शुद्धिपत्रक या तीन प्रकारांसाठी नमुना वाक्यं दिली आहेत. तिथं ‘अनुज्ञेय’ ऐवजी ‘मिळेल’ आणि ‘मिळणार नाही’ असं लिहिलंय. ते तरी खोडू नये ही विनंती.

कळावे,

आपला नम्र,
आस्थापना शाखेतला एक निवृत्त कारकून,
सांगली